तिसऱ्या मजल्याचा पत्रा

१

जेवण झालं की बिरप्पा खाली पार्किंगमध्ये येऊन बसायचा. सोलापूरचा मे महिना. वर घरात पंखा नुसती गरम हवा ढवळत असतो, खाली दोन गाड्यांच्या मधल्या फरशीला तेवढा जरा गारवा. तीन वाजेपर्यंत तो तिथं बसे, मग चहाला वर जाई. लिफ्ट होती, पण बंद पेटीत उभं राहायचं आणि आपण कुठं चाललोय ते दिसायचं नाही, हे त्याला पटायचं नाही. तिसरा मजला म्हणजे बेचाळीस पायऱ्या. प्रत्येक वळणावर बूड टेकायचं, दम खायचा, पुढं निघायचं. घाई कुणाला होती?

पन्नासेक वर्षं त्यानं मेंढरं राखली. मग गुडघे गेले, आणि मुलानं, कुमारनं, शहरात घर घ्यायचं काढलं. कळप विकला आणि त्यातून फ्लॅटचे पहिले पैसे भरले. अकरा मेंढ्या तेवढ्या ठेवल्या, मोहोळकडं भावाच्या कळपात. कुमार पुण्यात नोकरीला, शनिवारी यायचा. घरात बिरप्पा आणि सून दिपाली. तिला सातवा लागला होता.

इमारतीचं नाव हेमकुंज. सात रस्त्यापासून चालत दहा मिनिटं. पाच मजले. मागून साधा रंग, पण पुढून अख्खी इमारत निळसर चकचकीत पत्र्यानं मढवलेली. पत्रा भिंतीला चिकटलेला नव्हता. मध्ये लोखंडी चौकट, आणि पत्रा नि भिंत यांच्यात वीतभराला कमी अशी पोकळी. तोंड पूर्वेला. सकाळी ऊन चढलं की पत्रा तापायचा आणि टक टक वाजायचा. एक वाजता ऊन मागं सरकलं की गप. बिरप्पाला घड्याळ वाचता येत नव्हतं. पत्रा गप झाला की तो जेवायला बसायचा.

त्या उन्हाळ्यात महापालिकेची नोटीस आली. असला पत्रा पेट घेतो, राहत्या इमारतीवर चालणार नाही, उतरवा. सेक्रेटरी सिद्धलिंगप्पा शेठनी पार्किंगमध्ये सगळ्यांसमोर पत्र्याचा तुकडा लायटरवर धरला. वरून चांदीसारखा, पण आत काळं प्लास्टिक. ते पेटलं आणि लाखेसारखं थेंब थेंब फरशीवर गळत राहिलं. पुढं उभे होते ते दोन पावलं मागं सरले. मग खर्चाचा विषय निघाला आणि सगळे बोलायला लागले.

"पत्रा तुमच्या खिडकीवर, मग आमी का भरायचं?" मागच्या फ्लॅटवाले म्हणाले. "आमाला नुसता रंग मिळालाय की."

"फ्लॅट घेताना पेढे वाटले तवा फोटो पुढूनच काढला न्हवं तुमी?" पुढचे म्हणाले.

"बिल्डरला धरा की."

"धरा. फोन लागला तर मलाबी द्या, चार शब्द मी पण बोलतो," शेठ म्हणाले.

शेवटी ठरलं ते असं. जिन्याचा पत्रा सोसायटीच्या शिल्लक पैशातून. बाकी ज्याच्या खिडकीवर पत्रा, त्याचा खर्च. एका फ्लॅटला नव्वद हजार. ज्याचे पैसे येतील त्याचा पत्रा आधी उतरेल. पुढच्या बाजूला मजल्यावर दोन, असे दहा फ्लॅट होते, मध्ये जिना. तिसऱ्या मजल्यावर डावीकडं तीनशे एक, बिरप्पाचं. उजवीकडं तीनशे दोन, राजेश्वरी अक्कांचं.

२

सोमवारी तीन वाजता बिरप्पा पहिल्या वळणावर दम खात बसला होता. भिंतीला पाठ. त्या भिंतीपलीकडं पोकळी, आणि मग पत्रा. पत्रा कधीचा सावलीत गेलेला.

भिंतीच्या आत काहीतरी घासलं.

टक नव्हे. अंग घासल्यासारखं. अडचणीच्या जागेत एखाद्यानं कूस बदलावी तसं. बिरप्पानं कान दिला. पत्रा निवत असेल, असं म्हणून तो उठला. तो उठला तसं आतलंही उठलं. पुढच्या वळणावर तो बसला, आणि जरा वेळानं ते बसलं.

मांजर असणार. दुसऱ्या दिवशी त्यानं खाली बाहेरून फिरून पाहिलं. पोकळी खालून पट्टी मारून बंद केलेली. वर गच्चीवर तेवढी उघडी होती. म्हणजे वरून पडलं असणार आणि आता त्याला वर येता येत नाही. मुकं जनावर, या उन्हात पत्र्यात भाजून मरायचं.

मग बिरप्पानं आयुष्यभर जे केलं तेच केलं. मेंढका कळपाला मागून हाकत नाही. तो पुढं चालतो आणि हाक देतो, कळप मागून येतो. त्यानं जीभ टाळूला लावून लांब आवाज काढला, शेवटी एक हलका हुंकार, आणि पायऱ्या चढायला लागला. गच्चीपर्यंत न्यायचं, तिथून ते निघून जाईल.

ते आलं. भिंतीतून, त्याच्या डाव्या हाताला, एक पायरी मागं ठेवून.

दुसरा मजला झाला, तिसरा झाला. तिसऱ्यावर गुडघ्यांनी नाही म्हटलं. त्यानं कठड्याला धरून पाहिलं, पण पाय उचलेना.

"उद्या नेतो," तो भिंतीला म्हणाला आणि घरात गेला.

दिपालीनं चहा दिला. कप तोंडाला लावताना त्याला भिंतीत बसल्याचा आवाज आला. मेंढरू आधी पुढचे गुडघे टेकतं, मग मागचं अंग सोडतं. तसाच आवाज. बिरप्पाला बरं वाटलं. मग अजून एक बसलं. मग अजून एक. चहा संपला, कप विसळून झाला, तरी आत बसणं चालूच होतं.

३

"मामा, भिंतीला हात लावून बघा की," दिपाली म्हणाली. "गार हाय."

तिची खाट पुढच्या खोलीत, पत्र्याच्या भिंतीला लागून होती. बाहेर त्रेचाळीस डिग्री. बिरप्पानं तळवा टेकवला. गार होती. जनावराच्या नाकाला लागतो तसा थोडा ओलावाही होता.

"आत पाणी झिरपत असंल," तो म्हणाला.

"झिरपू दे. झोप छान लागती."

ती दुपारी झोपायला लागली. आधी चारपर्यंत, मग पाच, मग दिवे लागायची वेळ व्हायची. उठल्यावरही चेहऱ्यावरची झोप उतरायची नाही. पोळी करता करता तवा तापत ठेवून ती पुन्हा भिंतीला पाठ लावून उभी राहायची.

"बाळबी गप बसतंय," एकदा ती म्हणाली. "मी टेकले की हालत न्हाय."

"डाक्टरला सांगितलंस?"

"सांगितलं. समदं ठीक हाय म्हणाल्या. तिथं हालत होतं की."

"खाट पलीकडच्या खोलीत घेऊ या."

"नको मामा." तिनं डोळे मिटूनच सांगितलं. "मागनं कुणीतरी टेकून बसल्यागत वाटतं. बरं वाटतं."

बिरप्पा घाबरला असं म्हणता यायचं नाही. त्याच्या आत काहीतरी बधिर झालं. फार थंडीत बोटं होतात तसं. बोटं आहेत हे कळतं, आपली आहेत हे कळत नाही.

त्यानं एक दिवस निश्चय केला आणि गच्ची गाठली. दोन तास लागले. वाटभर हाक देत होता, आणि भिंतीतून सगळं त्याच्यामागं येत होतं. घासत, एकमेकाला रेटत, पण कुणाचा पाय वाजत नव्हता. गच्चीवर तो पोकळीच्या तोंडाशी उभा राहिला. खाली काळं होतं. ऊन डोक्यावर, तरी प्रकाश हातभरसुद्धा आत उतरत नव्हता. तोंडावर गार वारा आला, कळप पाण्यावर आला की येतो तसला, दमट.

बाहेर काही आलं नाही. ते थांबलं होतं, कारण तो थांबला होता. तो अजून पुढं गेला असता तर ते आलं असतं. पुढं कमरेएवढा कट्टा होता आणि कट्ट्यापलीकडं पाच मजले हवा.

तो खाली आला. तेही आलं. रात्रीची वस्ती जिथं, तिथं.

४

पैसे यायला लागले तसा पत्रा उतरायला लागला. काम आदिनाथकडं होतं, टेंभुर्णीकडचा फॅब्रिकेटर, हसरा माणूस. परांचीवर उभं राहून मशीननं तो स्क्रू काढायचा, पत्रा दोरीनं खाली सोडायचा. आधी पाचवा मजला, मग चौथा, पहिला, दुसरा. जिन्याचा पत्राही तिसऱ्या मजल्याचा तेवढा सोडून निघाला.

"काका, हिकडं या जरा," त्यानं एकदा बिरप्पाला हाक मारली. "बिल्डरनं पत्र्याच्या मागं ऑइल पेंट दिलता का काय?"

जिन्याची भिंत उघडी पडली होती. सहा वर्षांची धूळ बसलेला प्लास्टर, पण त्यातून एक पट्टा वर गेला होता, गुडघ्यापासून छातीपर्यंत रुंद. तेवढ्या जागेत धूळ नव्हती. प्लास्टर काळपट, गुळगुळीत, तेल पाजल्यासारखं. पट्टा पायऱ्यांच्या चढानं चढत होता. प्रत्येक वळणापाशी जरा पसरट झाला होता. पत्र्याच्या आतल्या बाजूलाही तोच.

बिरप्पानं बोट फिरवलं. हे त्याला माहीत होतं. विहिरीकडं जाणाऱ्या अरुंद वाटेवर कोपऱ्याचा दगड असाच होतो. रोज मेंढरं जाता-येता अंग घासतात, लोकरीचं तेल मुरतं, दगड चमकतो. पण तशी चमक यायला बापाचं आणि आज्याचं आयुष्य जावं लागतं.

त्यानं हाक दिली त्याला बारा दिवस झाले होते. बारा दिवसांत एवढी झिलई यायला किती मेंढरं लागतील, याचा तो हिशेब करायला गेला. मग त्यानं तो सोडून दिला.

"पाण्याचा ओघळ असंल," तो म्हणाला.

"वर चढणारा?" आदिनाथ हसला. मग हसायचा थांबला आणि पुढचा स्क्रू काढायला लागला.

५

आता सगळी इमारत उघडी झाली होती, फक्त तिसऱ्या मजल्यावर पत्र्याचा पट्टा राहिला होता. कमरेला फडकं बांधल्यासारखा. तीनशे एक, जिना, तीनशे दोन. दोघांचेच पैसे यायचे होते.

कुमार फोनवर म्हणाला, दिवाळीपर्यंत काही जमत नाही, हप्ते आहेत, दवाखाना आहे. बिरप्पानं भावाला निरोप धाडला. मोहोळच्या बाजारात अकरा मेंढ्या गेल्या. भाऊ पैसे घेऊन आला, चहा पिऊन गेला. नव्वद हजार आणि वर थोडे.

पैसे पिशवीत घालून बिरप्पा शेठकडं निघाला, आणि दारात थांबला. समोर राजेश्वरी अक्कांचं दार उघडं होतं. ऐंशीला टेकलेली बाई, अक्कलकोटकडची, कपाळाला विभूती. मुलगा बंगळूरला होता, फोन उचलत नव्हता.

"बा अण्णा, या, बसा," अक्का म्हणाल्या. "पैशे भरायला निघालाव काय?"

"व्हय."

"भरा. तुमची सून बारीक व्हायलीय. पोटुशी बाई अशी बारीक व्हत न्हाय."

बिरप्पा बसला. अक्कांच्या घरात पंखाही बंद होता. सगळं नीट झाकलेलं, पुसलेलं, जागच्या जागी.

"तुमचा पत्रा उतरला की ते माज्याकडं सरकंल," अक्का म्हणाल्या. आवाज होता तसाच, भाजीचा भाव सांगावा तसा. "जागा तेवढीच राहती की मग."

बिरप्पानं मान वर केली. "तुमाला ऐकू येतं?"

"दुपारी येतं. मी इचारते, यारु? कोण हाय? बोलत न्हाय. पन ऐकतंय." त्यांनी भिंतीकडं पाहिलं. "येऊ दे. दोन वरसं झाली, ह्या घरात माज्याबगर कुणी बसलं न्हाय. मीबी टेकीन. तुमची सून टेकती की."

"अक्का, तसं म्हणू नका."

"मग कसं म्हणू? नव्वद हजार हायत माज्याकडं?"

त्या हसल्या. बिरप्पानं पिशवी मांडीवर घेतली. ते काय होतं, कुठून आलं होतं, त्याला ठाऊक नव्हतं. पण हाक कुणाची होती ते ठाऊक होतं. आपण हाक देऊन आणलेला कळप दुसऱ्याच्या दारात बसवून निघून जायचं, असलं त्याच्या घराण्यात कुणी केलं नव्हतं. आणि आपलाही पत्रा काढला, अक्कांचाही काढला, तर? वाघरीचं जाळं गुंडाळलं म्हणून आतली मेंढरं नाहीशी होत नाहीत. ती मेंढक्यामागं येतात. तो जाईल तिथं. दिपाली असेल तिथं.

६

शेठ पावती लिहायला बसले. "फ्लॅट नंबर तीनशे एक," ते बोलत लिहू लागले.

"न्हाय शेठ. तीनशे दोन."

शेठनी पेन थांबवलं. "आणि तुमचे?"

"माजं न्हाईत."

"अहो, घरात पोटुशी सून हाय तुमच्या. उद्या आग लागली तर?"

"तिला म्हायेरी धाडतो. पयलं बाळंतपण हाय."

"लोक काय म्हणतील, इचार केलाय?"

"लिवा शेठ," बिरप्पा म्हणाला.

दिपालीचं माहेर जेऊर. सातव्यात माहेरी जायचीच रीत, कुणाला वेगळं वाटायचं कारण नव्हतं. पण सकाळी रिक्षा खाली येऊन उभी राहिली आणि दिपाली खाटेवरून उठेना. पाठ भिंतीला, हात पोटावर.

"उद्या जाते मामा."

"गाडीची येळ झाली."

"थोडंच बसते. उठलं की ती जागी व्हत्यात."

कोण, ते बिरप्पानं विचारलं नाही. त्यानं खाली वाकून तिच्या दोन्ही काखांत हात घातले, अडलेल्या मेंढीला उभं करतात तसे, आणि तिला उचललं. पाठ भिंतीपासून सुटताना चिकटलेलं कापड सुटल्यासारखा आवाज आला. ब्लाउज पाठीवर ओला होता. भिंतीवर तिच्या पाठीएवढी जागा काळपट, गुळगुळीत झाली होती.

रिक्षात तिचे डोळे मिटलेलेच होते. गाडी सुटायच्या आधी मात्र तिनं एकदम पोटावर हात दाबला. "हाललं," ती म्हणाली, आणि कितीतरी दिवसांनी बिरप्पाकडं नीट पाहिलं. "तुमी कवा येताय मामा?"

"येतो की. बाळ झालं की येतो."

७

अक्कांचा पत्रा दुसऱ्या दिवशी निघाला, जिन्याचाही. आदिनाथनं चौकट कापली आणि तीनशे एकपाशी थांबला. चौकट कापताना सगळं घासत, रेटत एका बाजूला आलं. एवढं सगळं एका खोलीच्या भिंतीमागं कसं मावलं, देव जाणे. संध्याकाळी अक्कांनी दारातून विचारलं, "गेलं अण्णा, माज्याकडनं?" बिरप्पानं मान डोलावली. त्यांनी आपल्या भिंतीकडं एकदा पाहिलं. मग दार लावून घेतलं.

महिना गेला. पाऊस दोनदा येऊन परत गेला. इमारतीला नवा रंग लागला आणि तिसऱ्या मजल्यावर डाव्या हाताला तेवढा निळा पत्रा. शेठची माणसं चिठ्ठ्या आणून द्यायची, बिरप्पा त्या घडी करून ठेवायचा. एका म्हाताऱ्यापायी सगळ्यांचा अग्निशमनचा दाखला अडलाय, असं खाली पार्किंगमध्ये बोललं जायचं. त्यानं तिथं बसायचं सोडलं होतं. पत्रा पेटेल म्हणून गॅसही तो पेटवत नसे. शेजारून अक्का भाकरी द्यायच्या.

कुमार शनिवारी आला, भांडला, मग जेऊरला गेला.

दुपारी बिरप्पा दिपालीच्या खाटेवर बसायचा. खिडकीच्या कडेला, जिथं पत्रा चौकटीला मुडपला होता, तिथं आदिनाथच्या कापाकापीनं दोन बोटांची फट पडली होती. त्यानं कधी डोळा लावला नव्हता. एका दुपारी लावला.

वरून थोडा उजेड येत होता. आधी काहीच दिसलं नाही. मग त्याला कळलं की जे दिसतंय तो अंधार नाही. दमलेली मेंढरं वाघरीत एकमेकांच्या पाठीवर डोकी टाकून बसतात, तशी ती होती, खिडकीपासून कोपऱ्यापर्यंत, खालून वरपर्यंत. पाठ कुठं संपते आणि डोकं कुठं लागतं ते समजत नव्हतं. वीतभर जागेत आडवं बसावं लागतं, तोंड एका बाजूला करून. सगळ्यांनी तोंडं भिंतीकडं केली होती. खोलीकडं.

त्यानं डोळा काढला आणि फटीत जुन्या धोतराचा बोळा दाबून बसवला.

श्रावणात फोन आला. अक्कांनी उचलून त्याच्या कानाला लावला, कारण त्याला त्या काचेवर बोट कुठं फिरवायचं ते कळत नसे. कुमारचा आवाज होता. मुलगी झाली. दोघी चांगल्या आहेत. मग दिपाली बोलली, दमलेली, पण तिचा तो जुना आवाज.

"मामा, लई वरडती वो. एक मिंट गप बसत न्हाय. कवा येताय?"

"आत्ता निगतो," बिरप्पा म्हणाला.

त्याला काही आठवलंच नाही. त्यानं पिशवीत धोतर घातलं, सदरा घातला. नातीला टोपडं घ्यायचं, सात रस्त्यावर मिळेल, असं तो अक्कांना म्हणाला. मग खाटेवरचं घोंगडं उचललं, झटकलं आणि घडी घालून खांद्यावर टाकलं.

मेंढका पाण्याला गेला, गावात गेला, तरी बसलेला कळप हलत नाही. पण त्यानं घोंगडं खांद्यावर टाकलं की कळपाला कळतं, वस्ती हलली.

भिंतीमागं ती उठली. एक, मग दुसरं, मग सगळी. खिडकीपासून कोपऱ्यापर्यंत पत्रा बाहेरच्या बाजूला फुगला आणि स्क्रू करकरले. अक्कांच्या हातातला फोन चालूच होता, त्यात बाळ रडत होतं. ते एकदम गप झालं.

"मामा?" दिपाली म्हणाली. "बगा की, एकदम गप झाली."

बिरप्पानं घोंगडं खांद्यावरून काढलं, खाटेवर अंथरलं आणि त्यावर बसून पाठ भिंतीला टेकवली. आतली बसायला बराच वेळ लागला. अक्कांनी फोन तसाच धरून ठेवला होता. शेवटचं बसलं आणि फोनमध्ये बाळ पुन्हा रडायला लागलं, मोठ्यानं.

"अक्का," बिरप्पा म्हणाला, "तिला सांगा, मामाचं गुडगं दुकत्यात. ह्या येळेला जमत न्हाय म्हणावं."